भिंतीवरचा सेहरा

मंगरूळपीरच्या आमच्या जुन्या घरात, बैठकीच्या भिंतीवर एक चौकट टांगलेली होती. एका बाजूला काबाशरीफचे चित्र, दुसऱ्या बाजूला दरवर्षी बदलणारे उर्दू कॅलेंडर आणि मधोमध ही चौकट. काचेच्या आत पिवळा पडलेला कागद, कडेने हिरव्या आणि सोनेरी शाईची वेलबुट्टी, वर कमानीत ७८६, त्याखाली मोठ्या वळणदार अक्षरांत एकच शब्द आणि मग दोन-दोन ओळींच्या जोड्यांनी खाली उतरत गेलेली कविता. येणारेजाणारे त्याला 'अब्बा का सेहरा' म्हणत. मी जिल्हा परिषदेच्या मराठी शाळेत शिकलो. निबंधस्पर्धेत तालुक्यात पहिला आलो, कॉलेजात मराठी घेतले. पण स्वतःच्या घरच्या भिंतीवरची एक ओळ मला वाचता येत नव्हती. लहानपणी त्याचे काही वाटले नाही. वेलबुट्टीसारखीच ती अक्षरेही नक्षी असावीत, असा माझा समज होता.

अब्बांच्या इंतेकालानंतर काही वर्षांनी घराची दुरुस्ती निघाली, तेव्हा ती चौकट खाली उतरवली. मागचा पुठ्ठा ओलीने फुगला होता आणि कागदाची खालची पट्टी कसरीने खाऊन टाकली होती. नेमकी त्याच पट्टीवर लग्नाची तारीख छापलेली होती. वरच्या बाजूला 'मंगरूलपीर, जिला अकोला' एवढे शाबूत होते, ते चाचांनी वाचून दाखवले. अकोल्यातून वाशीम जिल्हा वेगळा झाला तो १ जुलै १९९८ रोजी. तेव्हा लग्न त्याआधीचे, एवढे त्या कागदावरून सिद्ध झाले. आणि तेवढे तर मला माझ्या वयावरूनही ठाऊक होते! (जाता जाता एक गोष्ट. हा जिल्हा नवा म्हणतात, पण इंग्रजी अमलात 'बासीम' नावाचा जिल्हा होताच. १९०५ मध्ये तो मोडून अकोल्यात मिळवला. त्र्याण्णव वर्षांनी जुनाच जिल्हा परत आला.)

मग वाद सुरू झाला. अम्मी म्हणाली, "नसबंदी का साल था. लोग डर के मारे बारात में नहीं आ रहे थे." चाचा म्हणाले, "नहीं भाभी, जनता पार्टी का राज आ चुका था." म्हणजे अम्मीच्या हिशेबाने १९७६ आणि चाचांच्या हिशेबाने १९७७ किंवा १९७८. घरात निकाहनामा सापडेना. फोटो एकही नव्हता. आमच्या आजोबांना फोटो मान्य नव्हते आणि त्या काळी बऱ्याच घरांत तो संकोच होता. त्या दिवसाची म्हणून जी काही वस्तू घरात उरली होती, ती हीच कसर लागलेली कविता.

नव्या पिढीतल्या वाचकांसाठी थोडे सांगायला हवे. सेहरा म्हणजे मूळ फुलांचा पडदा. मोगऱ्याच्या, गुलाबाच्या, कधी जरीच्या सरी नवरदेवाच्या कपाळावरून चेहऱ्यावर सोडतात, तो सेहरा. याच सेहऱ्यावर कविता रचून ती निकाहच्या महफिलीत म्हणायची, असा रिवाज उर्दूत पडला आणि त्या कवितेलाही सेहरा हेच नाव मिळाले. बहुतेक सेहऱ्यांत प्रत्येक शेराच्या शेवटी हाच शब्द येतो, त्यामुळे महफिल तो आधीच ओळखून शायराबरोबर म्हणते. मधल्या शेरांत नवऱ्याचे नाव, वडिलांचे, भावांचे, मामांचे, दोस्तांचे नाव गुंफायचे. ज्याचे नाव येईल त्याने खुश होऊन शायराला नजराणा द्यायचा. एखाद्या मामाचे नाव राहून गेले, तर तो रुसून बसायचा. नवरीकडून याला जोड म्हणून 'रुख्सती' वाचली जाई. ती बापाच्या किंवा भावाच्या तोंडी असते आणि ऐकताना मांडवातले सगळे रडतात.

लग्नाआधी कातिबाकडून हे नस्तालिक अक्षरात लिहून घेत, रंगीत किनार असलेल्या कागदावर छापत आणि महफिलीत वाटत. वऱ्हाडातली मंडळी छपाईसाठी अकोला, अमरावती, नागपूर गाठत. कोणी मालेगावहूनही छापून आणी. हे नाशिककडचे मालेगाव, आपल्या वाशीमचे नव्हे. मराठी वाचकांना हा प्रकार परका वाटू नये. दोन्हीकडच्या कुटुंबांची नावे गुंफलेली, खास रचून छापलेली मंगलाष्टके आपण शेजाऱ्यांच्या लग्नांत हातात घेतलेलीच आहेत. त्यांच्यात आणि आमच्या सेहऱ्यात एक मोठा फरक आहे. त्याकडे नंतर येतो.

सेहऱ्याचा इतिहास सांगायचा तर दिल्लीच्या लाल किल्ल्यातल्या त्या लग्नाकडे जावेच लागते. २ एप्रिल १८५२ च्या रात्री बहादूरशाह जफर यांचा लाडका मुलगा मिर्झा जवांबख्त याची वरात किल्ल्यातून निघाली. तेव्हा बादशाहीत लाल किल्ल्याच्या भिंतींपलीकडे फारसे काही उरले नव्हते. पण लग्नाचा थाट शाहजहानच्या काळाला शोभेल असा केला होता. मलिका जीनतमहल यांच्या इच्छेवरून गालिबने सेहरा लिहिला. शेवटच्या शेरात त्याने, याहून चांगला सेहरा कोणी म्हणून दाखवावा, अशा अर्थाचे आव्हान ठेवले. बादशहाचे उस्ताद होते जौक. बादशहाला ते बोलणे आपल्या उस्तादाला उद्देशून आहे असे वाटले. त्याने जौककडून लगोलग दुसरा सेहरा लिहवून घेतला. तो शहरभर गाजला आणि गालिबला माफीवजा कविता लिहावी लागली. हा सगळा किस्सा मुहम्मद हुसेन आझादांनी 'आब-ए-हयात' या १८८० च्या ग्रंथात दोन्ही सेहऱ्यांसह नोंदवून ठेवला. आझाद जौकचे शागिर्द असल्यामुळे त्यांचा झुकाव कुठे आहे हे लपत नाही, पण दोन्ही सेहरे त्यांनी दिले हे मात्र खरे.

आज हा किस्सा दोन शायरांच्या चकमकीचा म्हणून सांगतात. मला त्यातली तिसरी व्यक्ती महत्त्वाची वाटते. त्या लग्नातल्या नवरीचे नाव शाह जमानी बेगम. मालागढच्या वलीदाद खानांची मुलगी, वयाने अगदी लहान. उर्दूतले सर्वांत प्रसिद्ध दोन सेहरे तिच्या लग्नाचे आहेत आणि दोन्हींत तिचे नाव नाही. सहा वर्षांनी, १८५७ चे सगळे होऊन गेल्यावर, बादशहा, जीनतमहल आणि जवांबख्त यांच्याबरोबर ती रंगूनला कैदेत गेली. तिथे तिची दृष्टी गेली. ही माहिती कुठल्याही कवितेतून मिळत नाही. कैद्यांवर नजर ठेवणाऱ्या इंग्रज अधिकाऱ्यांच्या कागदांतून मिळते.

आता पुन्हा मंगरूळपीरला येऊ. तो कागद मी प्लास्टिकच्या पिशवीत घालून आमच्या ओळखीच्या एका निवृत्त उर्दू शिक्षकांकडे नेला. गावात त्यांना सगळे मास्टरसाहेब म्हणतात. त्यांनी चष्मा पुसला, कागद खिडकीकडे धरला आणि पहिल्यापासून तरन्नुममध्ये वाचायला सुरुवात केली. माझ्या आजोबांचे नाव आले, चाचांचे आले, अब्बांच्या कापसाच्या जिनिंगमधल्या दोन दोस्तांची आली. चाचांचे नाव ऐकताना मला हसू आले. शायराने त्यांना 'गुलशन का नया फूल' की असेच काही केले होते आणि आता ते सत्तरीत आहेत. मास्टरसाहेब शेवटच्या शेरावर आले आणि थांबले. म्हणाले, "बेटा, तारीख कीड़ों ने नहीं खाई. तारीख तो यहाँ है."

शेवटच्या शेरात शायराने म्हटले होते, 'जश्न-ए-शादी खाना आबादी' हे शब्द 'जान' लावून म्हणा. मला ती नेहमीची शुभेच्छा वाटली. मास्टरसाहेबांनी वही काढली आणि बेरीज मांडली.

अरबी लिपीतल्या अठ्ठावीस अक्षरांना ठरावीक किमती आहेत. अलिफ एक, बे दोन, जीम तीन, असे करत गैनचे एक हजार. याला अबजदचा हिशेब म्हणतात. ७८६ हा आकडा आपण सगळे लिहितो, तो याच हिशेबाने 'बिस्मिल्लाहिर्रहमानिर्रहीम'मधल्या अक्षरांची बेरीज आहे. उर्दूत फारसीची जादा अक्षरे आली त्यांना जवळच्या अक्षराची किंमत देतात. पेला बेची, चेला जीमची. अशी बेरीज साधून एखाद्या घटनेचे हिजरी साल शब्दांत बसवण्याच्या कलेला तारीखगोई म्हणतात. शब्दांना अर्थही हवा, तो प्रसंगाला शोभलाही पाहिजे आणि बेरीजही जुळली पाहिजे. दोन-चार कमी पडले तर आणखी एखादा शब्द मिळवायला सांगायचे किंवा जास्त झाले तर वजा करायला सुचवायचे. पण ते सुचवणेही कवितेच्या अर्थात बेमालूम मिसळले पाहिजे.

मुलांची नावेसुद्धा अशी ठेवत. दिल्लीचे शाह अब्दुल अजीज यांचे तारीखी नाव गुलाम हलीम. अक्षरे मोजली की ११५९ येतात, ते त्यांच्या जन्माचे हिजरी साल. मीर अम्मन यांनी आपल्या किश्श्याचे नाव 'बाग-ओ-बहार' ठेवले, त्याची बेरीज १२१७, ते पुस्तकाचे साल. मौलाना आझादांचे तारीखी नाव फीरोज बख्त होते. त्याची बेरीज १३०५ होते. इथे एक गंमत आहे. आपण ११ नोव्हेंबर हा मौलानांचा जन्मदिवस मानतो, २००८ पासून तो राष्ट्रीय शिक्षण दिन म्हणून पाळलाही जातो. पण हिजरी १३०५ हे साल सप्टेंबर १८८८ च्या पहिल्या आठवड्यातच संपले होते. मौलानांनी स्वतः 'तज्किरा'मध्ये जिलहिज्ज १३०५ म्हणजे ऑगस्ट-सप्टेंबर १८८८ चा काळ दिला आहे. सरकारी तारीख आणि नावातली तारीख जुळत नाहीत. माझा कौल नावाला आहे.

गालिबला या कलेची फार आवड नव्हती, पण एकदा त्याने स्वतःच्या मरणाची तारीख काढून ठेवली. 'गालिब मेला' अशा अर्थाचे दोन फारसी शब्द, बेरीज १२७७. ते साल आले, शहरात साथ आली, माणसे मेली, गालिब मेला नाही. दोस्ताने चिडवले तेव्हा त्याने उत्तर पाठवले की साथीत चारचौघांसारखे मरणे मला शोभले नसते. पुढे १८६९ मध्ये तो खरोखर गेला, तेव्हा त्याच दोन शब्दांच्या आधी एक उसासा आणि क्रियापदाला एक अक्षर जोडले गेले. उसाशाचे सहा, अक्षराचे दोन. १२७७ चे १२८५ झाले आणि हिजरी साल अचूक जुळले.

आमच्या सेहऱ्याचा हिशेब असा होता. जश्नचे ३५३, शादीचे ३१५, खानाचे ६५६ आणि आबादीचे १८, एकूण १३४२. त्यात जानचे ५४ मिळवायचे. १३९६. हिजरी १३९६ हे साल १९७६ च्या जानेवारीत सुरू होऊन त्याच वर्षी डिसेंबरात संपले. अम्मी जिंकली. चाचांनी दोन दिवस तो हिशेब मान्य केला नाही. 'आबादी'तला आ म्हणजे दोन अलिफ, त्याचे दोन धरले पाहिजेत, असे त्यांनी कुठून तरी ऐकून आणले. मास्टरसाहेबांनी सांगितले की यावर उस्तादांत मतभेद आहेत, पण बहुतेक जण एकच धरतात. आणि दोन धरले तर १३९७, म्हणजे १९७७ होते खरे! चाचांना एवढे पुरेसे होते.

साल कळले म्हणून पुढचे काम झाले. निकाह रिसोडला, अम्मीच्या माहेरी झाला होता. तिथल्या काझींकडे जुनी रजिस्टरे सालवार बांधून ठेवलेली आहेत. साल माहीत नसेल तर तो ढिगारा चाळायला महिना लागला असता. मी १९७६ चे मागितले आणि अर्ध्या तासात नोंद सापडली. मे महिन्यातला जुम्मा. चाचांचा दोन अलिफांचा दावा तिथे संपला.

आपल्या भागात असे जपलेले दिवस काही कमी नाहीत. वाशीमचाच १९३९ मध्ये सापडलेला ताम्रपट घ्या. वाकाटक राजा दुसरा विंध्यशक्ती याने वत्सगुल्म म्हणजे आजच्या वाशीमहून एक गाव दान दिले, ते त्याच्या राज्याच्या सदतिसाव्या वर्षी, हेमंत ऋतूच्या पहिल्या पक्षात, चौथ्या दिवशी. सोळाशे वर्षांपूर्वीचा एक थंडीतला दिवस तांब्यावर राहिला आहे. अकोटजवळच्या नरनाळा किल्ल्याच्या महाकाली दरवाजावर हिजरी ८९२, म्हणजे १४८७ चा लेख आहे. बहामनी सुलतान शिहाबुद्दीन महमूदशाहच्या काळातला तो दरवाजा आहे आणि त्याची कोरीव अक्षरे लिपी न येणाऱ्यालाही थांबून पाहावीशी वाटतात. अक्षरांत किंवा शब्दांत साल लपवायची हौस फक्त अरबी-फारसीची नाही. रायगडावर जगदीश्वराच्या मंदिरातल्या संस्कृत शिलालेखात शके १५९६ हे साल अंकांनी लिहिलेले नाही. सहा, नऊ, पाचासाठी बाण आणि एकासाठी भूमी असे शब्द ठेवले आहेत आणि ते उलट्या क्रमाने वाचायचे आहेत. शिवाजी महाराजांच्या राज्याभिषेकाचे ते साल. पेशव्यांच्या मोडी कागदांत तर साल अरबी शब्दांतच लिहीत. वाशीमचे बालाजी मंदिर भवानी काळूंनी १७७९ च्या सुमारास बांधले. त्या काळच्या मराठी कारकुनाने ते साल 'समानीन मया व अलफ' असे लिहिले असते. ऐंशी, शंभर आणि हजार, म्हणजे सुहूर सन ११८०. आज ना मराठी शिकणाऱ्याला ते कळते, ना उर्दू शिकणाऱ्याला ते आपले वाटते.

पण हे सगळे दिवस राजांचे, सरदारांचे, दिवाणांचे आहेत. दगड आणि तांबे त्यांनाच परवडत होते. जिनिंगमध्ये गठाणी मोजणाऱ्या माणसाच्या आयुष्यातला दिवस कोण कोरून ठेवणार? त्याच्यासाठी हा कागद होता. त्या शायराने तारीखगोईची तीच कला, जी बादशहांच्या कबरींसाठी आणि किल्ल्यांसाठी वापरली गेली, मंगरूळपीरच्या एका मुनीमासाठी वापरली. आपल्याकडे मुसलमानांचा स्थानिक इतिहास लिहायचा म्हटला की आपण दर्गा, मशीद, किल्ला आणि जहागीर यांच्यापलीकडे जात नाही. मंगरूळपीर म्हटले की दादा हयात कलंदर, कारंजा म्हटले की वेशी. ते लिहायलाच हवे. पण गावात कोण माणसे होती, कोण कोणाचे दोस्त होते, कोणत्या धंद्यात होते, कोणाच्या मांडवात कोण बसले होते, हे सांगणारे साधन गावोगावच्या भिंतींवर लटकले आहे आणि आपण त्याला शोभेची वस्तू समजतो.

मात्र या साधनावर आंधळा भरवसा ठेवता येत नाही. मी म्हटले होते की मंगलाष्टकांत आणि सेहऱ्यात एक फरक आहे. मंगलाष्टकांत वराबरोबर वधूचे नाव येते. अब्बांच्या सेहऱ्यात सोळा पुरुषांची नावे आहेत. अम्मीचे नाही. माझ्या आजीचेही नाही. मी अम्मीच्या पेटीतली रुख्सती काढून वाचून घेतली. तिथे तरी असेल असे वाटले होते. तिथे ती 'बेटी' आहे, 'नूर-ए-नजर' आहे, 'लख्त-ए-जिगर' आहे. नावाने कुठेच नाही. शायराला दोष देण्यात अर्थ नाही. परक्या पुरुषाने भर महफिलीत घरच्या मुलीचे नाव घेणे बेअदबी मानत. अलीकडच्या छापील सेहऱ्यांत नवरीचे नाव क्वचित दिसू लागले आहे. पण जुने सेहरे वाचताना हे लक्षात ठेवायला हवे की त्या मांडवातली अर्धी माणसे कवितेत आलेलीच नाहीत. त्या रात्रीच काय, शाह जमानी बेगमच्या रात्रीही हेच झाले होते.

नाव सापडले ते काझींच्या रजिस्टरमध्ये. तिथे नवरीचे नाव आहे, तिच्या वडिलांचे आहे, मेहर किती ठरली ते आहे, वकील आणि दोन साक्षीदार आहेत. शरीयतला तिची संमती लागते, म्हणून कारकुनी नोंदीत तिला जागा आहे. कवितेला तिची गरज पडली नाही. एरवी आपण कागदपत्रांना रूक्ष म्हणतो आणि कवितेला जिवंत. इथे उलटे झाले.

आणि बायकांचे स्वतःचे जे होते, ते कागदावर आलेच नाही. हळदीच्या रात्री ढोलकीवर म्हटलेली गाणी, त्यांत सासूला, नणंदेला, व्याह्यांना नावे घेऊन दिलेले टोमणे. बायकांच्या गाण्यात बायकांची नावे होती! अम्मीला त्यातली बरीच आठवतात, पण म्हणायला सांगितले की लाजते. "वो अकेले में नहीं होते, चार औरतें होना," म्हणते. त्या चारांपैकी दोघी आता नाहीत.

सेहरा वाचता येणारेही कमी होत चालले. १९९४ नंतर इनपेज नावाचे संगणकातले उर्दू लेखन आले आणि कातिबांचा बोरू थांबला. छपाई सोपी झाली, पण वाचणारा घटला. विदर्भातली आमची कितीतरी मुले मराठी शाळांत शिकली, शिकत आहेत. त्यात वाईट काहीच नाही, मी स्वतः त्यातलाच आहे आणि हा लेख मराठीतच लिहितो आहे. घरात बोलायला उर्दूसारखी बोली, लिहायला मराठी आणि भिंतीवर न वाचता येणारे अक्षर, अशी आमच्या पिढीची स्थिती आहे. फोटोचे तसे नसते, तो कोणीही पाहू शकतो, असे म्हणणारे भेटतात. मग माझ्या भावाच्या लग्नाची व्हिडिओ कॅसेट आठवते. १९९० च्या दशकातली. कपाटात जपून ठेवली आहे. ती लावायचे यंत्र गावात कोणाकडे नाही आणि फितीला बुरशी आली आहे.

म्हणून मी ठरवले की सेहरा देवनागरीत उतरवून घ्यायचा आणि खाली मराठी अर्थ द्यायचा. मास्टरसाहेबांनी वाचले, मी लिहून घेतले. महिनाभर बसून छान काम झाले असे वाटले. मग सहज गंमत म्हणून, माझ्या देवनागरीवरून पुन्हा उर्दू अक्षरे लावून, मी एकट्यानेच तारीख मोजून पाहिली. आले १३९२. तीन वेळा मोजले, तेच. हिजरी १३९२ म्हणजे १९७२. मी अम्मीला सांगितले, "अम्मी, आपकी शादी तो बहत्तर के अकाल में हुई." ती म्हणाली, "पागल है क्या? तब तो मैं फ्रॉक में थी. अकाल में सुकड़ी खाके दिन निकाले, शादी कौन करता?"

चूक 'खाना' या शब्दात होती. तो कानाला जसा ऐकू येतो तसा मी लिहिला, शेवटी काना देऊन. उलट लिहिताना त्याचा अलिफ झाला, किंमत एक. खरा शब्द 'हे'ने संपतो, किंमत पाच. ती 'हे' उच्चारात ऐकूच येत नाही. चार वर्षे तिथे गळाली. आणि हे तर साधे उदाहरण झाले. देवनागरीत ज़ एकच, नुक्ता दिला तर. उर्दूत चार अक्षरे तिथे येतात आणि त्यांच्या किमती सात, सातशे, आठशे आणि नऊशे. स तीन आहेत. साठ, नव्वद आणि पाचशे. त दोन, एकाचे नऊ, एकाचे चारशे. म्हणजे सेहऱ्याचा अर्थ मराठीत आणता येतो, आवाज देवनागरीत आणता येतो, पण त्याच्या पोटातले साल लिपी बदलली की निघून जाते. ज्या कलेने तो दिवस कसरीपासून वाचवला, ती माझ्या लिप्यंतरातून वाचली नाही. शेवटी मी शेराच्या बाजूला समासात सरळ आकड्यांत बेरीज मांडली. कलेच्या दृष्टीने ते कुरूप दिसते. पण माझ्या मुलीला ते वाचता येते.

चौकट नवी करून घेतली. जुना कागद आहे तसाच ठेवला, फक्त मागे आम्ल नसलेला पुठ्ठा लावला आणि ओल लागणारी भिंत सोडून दुसऱ्या भिंतीवर टांगायचे ठरवले. पुठ्ठ्याच्या मागच्या बाजूला मी एक कागद चिकटवला. त्यावर रजिस्टरमधून उतरून घेतलेले सगळे मराठीत लिहिले: अम्मीचे पूर्ण नाव, नानांचे नाव, नानीचे नाव (ते रजिस्टरमध्ये नव्हते, अम्मीने सांगितले), मेहरची रक्कम, साक्षीदार, काझी, दिवस आणि साल दोन्ही गणनांत. टांगण्याआधी अम्मीला वाचून दाखवले. तिने एका साक्षीदाराचे आडनाव दुरुस्त केले. मेहरची रक्कम ऐकून हसली. मग म्हणाली, "और बारिश का नहीं लिखा?"

मला काही माहीतच नव्हते. तिने सांगितले. मे महिना, ऊन असे की मांडवाखाली पाण्याचे हौद ठेवले होते. सेहरा वाचायला सुरुवात झाली आणि चौथ्या-पाचव्या शेराला वळीव आला. मांडव उडाला, डेगांवर झाकणे टाकायला धावाधाव झाली, छापलेले सेहरे भिजून त्यांची हिरवी शाई लोकांच्या पांढऱ्या कपड्यांना लागली. बायका आतून हसत होत्या. शायर मात्र ओसरीच्या खांबाला टेकून शेवटच्या शेरापर्यंत वाचत राहिला, ऐकायला कोणी नव्हते तरी. आतल्या खोलीत खिडकीच्या जाळीला कान लावून तिने तो एकटीने ऐकला.

मी पुठ्ठा पुन्हा उघडला आणि खाली तेही लिहिले.